मराठी विनोदी शॉर्ट फिल्मसाठी लिहायचंय? पहिल्या वनलाइनपासून पहिल्या मानधनापर्यंत

नाशिकहून पुण्यात आले तेव्हा माझ्याकडे कॉलेजात लिहिलेल्या चार एकांकिका होत्या आणि विनोदी प्रसंगांनी भरलेल्या दोन वह्या. पटकथा कागदावर कशी मांडतात, ती कुणाला द्यायची आणि देताना काय लिहून घ्यायचं, यातलं काहीच ठाऊक नव्हतं. विचारायला ओळखीचं कुणी नव्हतं, त्यामुळे प्रत्येक गोष्ट एकदा चुकूनच कळली. आज कुणी नवीन मुलगा किंवा मुलगी "ताई, सुरुवात कुठून करू?" असं विचारते तेव्हा जे सांगते, तेच इथे क्रमाने लिहिते आहे.

ऑस्करच्या नियमांनुसार श्रेयनामावलीसह ४० मिनिटांपर्यंतची फिल्म 'शॉर्ट' धरली जाते. पण विनोदाला एवढी लांबी झेपत नाही. पहिल्या दोन-तीन फिल्म पाच ते दहा मिनिटांच्याच लिहा.

सुरुवातीला हाताशी काय हवं

- खिशात मावणारी वही. फोनमधल्या नोंदी हरवतात, वही सापडते.
- युनिकोड मराठी टंकलेखन येणारा संगणक किंवा फोन, आणि गूगल डॉक्ससारखं साधं साधन. महागडं पटकथा-सॉफ्टवेअर पहिल्या वर्षी लागत नाही.
- पॅन कार्ड, आधार, स्वतःच्या नावाचं बँक खातं.
- फक्त कामासाठीचा ईमेल पत्ता. कुठला ड्राफ्ट कुणाला कधी पाठवला, याची ती तुमची नोंदवही.
- मोठ्याने वाचून दाखवतील अशी चार माणसं.

१. विनोद नंतर, आधी एक माणूस आणि त्याचा एक हट्ट

माझ्या त्या दोन वह्यांमधून एकही फिल्म झाली नाही. त्यांत किस्से होते, टोमणे होते, कोट्या होत्या; पण काहीतरी हवं असलेला माणूस कुठेच नव्हता.

ल्युमिएर बंधूंची १८९५ सालची एक मिनिटाहूनही छोटी फिल्म आठवा. माळी बागेला पाणी घालतोय. एक पोरगा मागून येऊन पाइपवर पाय देतो, पाणी बंद होतं. माळी पाइपचं तोंड डोळ्यांसमोर धरून बघतो, पोरगा पाय उचलतो. एक शब्द नाही. तरी माळ्याला काय हवंय, आड कोण येतंय आणि पुढे काय होणार, हे आपल्याला त्याच्याआधी कळतं. हसू येतं ते या आधी कळण्यातून. आपल्याकडेही दादासाहेब फाळक्यांनी १९१४च्या सुमारास 'पिठाचे पंजे' ही छोटी विनोदी फिल्म केली होती. म्हणजे हा प्रकार आपल्या सिनेमाइतकाच जुना आहे.

शाळेत शब्दनिष्ठ, प्रसंगनिष्ठ आणि स्वभावनिष्ठ असे विनोदाचे प्रकार आपण पाठ केलेले असतात. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर आणि गडकऱ्यांपासून आपल्या लेखनात कोटीचा मान मोठा, त्यामुळे मराठी नवलेखकाचा हात पहिल्यांदा शब्दनिष्ठ विनोदाकडेच जातो. मंचावर तो चालतो. कॅमेऱ्यासमोर मात्र आधी स्वभाव, मग प्रसंग आणि शेवटी शब्द, असा क्रम ठेवा.

एक उदाहरण घेते, पुढे तेच वापरेन. एक निवृत्त हेडमास्तर आहेत. सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सेक्रेटरी 'पाणि' असं ऱ्हस्व लिहितो. हेडमास्तर चूक दाखवतात, वाद होतो, ते तावातावाने ग्रुप सोडतात. दुसऱ्या दिवसापासून पाण्याच्या वेळा बदलतात आणि त्या फक्त ग्रुपवर कळतात. हेडमास्तरांना पाणी तर हवंय, पण कुणाला विचारायचं नाहीये.

हा झाला हट्ट. आता दृश्यं आपोआप सुचायला लागतात: नळाला कान लावून बसलेले हेडमास्तर, शेजारणीच्या बादल्या मोजणारे हेडमास्तर, वॉचमनच्या मागोमाग सहज फिरायला निघाल्यासारखे पंपापर्यंत जाणारे हेडमास्तर. यात कुणी विनोद 'करत' नाही. माणूस आपल्या हट्टाशी प्रामाणिक आहे, एवढंच.

आपल्या कल्पनेला दोन प्रश्न विचारा. माणसाला हवं ते सहज मिळू शकतं का? (हो, एका वाक्यात: "पाणी कधी येणार?") मग तो ते वाक्य का बोलत नाही? दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्याच्या स्वभावात सापडलं, तर फिल्म आहे. नसेल तर तो किस्सा आहे. वहीत राहू द्या.

२. वनलाइन लिहा आणि अनोळखी माणसाला सांगा

वनलाइन म्हणजे कोण, काय हवंय, काय आडवं येतंय, हे एका वाक्यात. "वेलांटीवरून सोसायटीचा ग्रुप सोडलेले हेडमास्तर, कुणालाही न विचारता पाण्याची वेळ शोधायचा प्रयत्न करतात." ती रिक्षात, मेसमध्ये, ऑफिसात सांगा. ऐकणाऱ्याने "मग?" असं विचारलं, तर पुढे जा. "छान आहे" असं म्हटलं, तर नव्याने लिहा.

शेवट ठरल्याशिवाय पटकथेला हात लावू नका. वरच्या गोष्टीचा शेवट मला असा सापडला: शेजारचा लहान मुलगा आजोबांचा फोन घेऊन हेडमास्तरांना पुन्हा ग्रुपमध्ये आणतो. पहिलाच मेसेज येतो, 'उद्या पाणि येणार नाही.' हेडमास्तर दुरुस्ती टाइप करतात, थांबतात, एकेक अक्षर खोडतात आणि अंगठा पाठवतात. सुरुवातीला पेरलेली वेलांटी शेवटी उगवते. सुरुवातीला काय पेरायचं हे शेवट ठरल्यावरच कळतं, म्हणून हा आग्रह.

३. पटकथा मांडण्याची पद्धत

दोन पद्धती चालतात. मराठी मालिकांच्या जगात बरेच जण पान उभं दुभागतात: डावीकडे दिसणारं, उजवीकडे ऐकू येणारं. सिनेमात आणि महोत्सवांच्या निवडीसाठी एकाखाली एक मांडणी रूढ आहे: वर सीनचा मथळा, मग कृती, मग पात्राचं नाव आणि संवाद.

सीन ३ / आत / हेडमास्तरांचं स्वयंपाकघर / पहाट
*अंधार. नळाखाली रिकामी कळशी. हेडमास्तर स्टुलावर बसून नळाला कान लावतात. आत घरघर. त्यांचा चेहरा उजळतो. घरघर थांबते. ते नळाकडे वर्गातल्या मुलाकडे बघावं तसं बघतात.*

कृती वर्तमानकाळात लिहा. कॅमेऱ्याला न दिसणारं काही लिहू नका. 'त्यांना मनातून अपमान वाटतो' याचं चित्रीकरण होत नाही. 'चष्मा पुसतात, पुन्हा पुसतात' याचं होतं.

एक पान म्हणजे एक मिनिट, हा हिशेब इंग्रजीतल्या कुरियर १२ टाइपावर बसवलेला आहे. देवनागरीला तो जसाच्या तसा लागू होत नाही. त्यामुळे घड्याळ लावून पटकथा मोठ्याने वाचा, कृती करण्याचा वेळही धरा आणि तो आकडा सांगा.

इथला सापळा फॉन्टचा. जुन्या, युनिकोड नसलेल्या फॉन्टमध्ये टंकलेली संहिता दुसऱ्याच्या संगणकावर उघडली की अगम्य चिन्हांचा ढीग दिसतो. माझी पहिली पटकथा एका स्पर्धेला अशीच पोचली आणि कुणी वाचलीच नाही. युनिकोडमध्येच लिहा, पाठवताना पीडीएफ पाठवा आणि ती आधी एखाद्या मित्राच्या फोनवर उघडून बघा.

४. परवडेल असं लिहा

नव्या लेखकाची फिल्म प्रत्यक्षात होण्याची शक्यता दोन जागा, तीन-चार पात्रं आणि एक-दोन दिवसांचं शूटिंग एवढ्यात सर्वांत जास्त असते. लेखणीतून सहज उतरणाऱ्या काही गोष्टी निर्मात्याला फार महागात पडतात.

- रेल्वे स्टेशन, लोकल, रेल्वेची हद्द: रेल्वेची स्वतंत्र परवानगी आणि शुल्क लागतं.
- प्राणी: भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी लागते. गोष्टीत मांजर हवंच असेल, तर ते फक्त ऐकू येईल का, याचा विचार करा.
- लहान मुलं: शूटिंगसाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांहून जास्त काम नाही आणि सलग तीन तासांहून जास्त नाही. माझ्या गोष्टीतल्या मुलाचे दोनच सीन आहेत, ते यामुळेच.
- सिनेमातलं गाणं: पात्र एखादं लोकप्रिय गाणं गुणगुणतं असं लिहिलंत, तरी हक्कांचा प्रश्न येतो. यूट्यूबवर दावा लागतो, महोत्सव नाकारू शकतो. विनोद त्या गाण्यावरच उभा असेल, तर अख्खी फिल्म अडकते.

५. संवाद आणि वाचन

माझ्या मते विनोदी लेखकाचं खरं काम इथे होतं, म्हणून इथे घाई करू नका.

मराठीत वाक्याच्या शेवटी क्रियापद येतं. त्यामुळे हशाचा शब्द पुष्कळदा मधे दबतो आणि 'होतं', 'केलं' वर वाक्य विझतं. "एका वेलांटीसाठी त्यांनी तीस वर्षांची शेजारधर्माची नाती तोडली" हे बोलून बघा. आता हे: "तीस वर्षांचा शेजार तोडला त्यांनी. एका वेलांटीसाठी." आपली भाषा शब्द हलवायची मोकळीक देते, ती वापरा. हशाचा शब्द शेवटी आणा आणि त्याच्यानंतर काही नको. नटाला थांबायला जागा हवी, प्रेक्षकाला हसायला.

बोलीबद्दल मनापासून सांगते. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी, कोल्हापुरी बोलणारं पात्र जरूर लिहा, पण बोलणं हाच विनोद करू नका. नोकर, वॉचमन, कामवाली यांच्या तोंडी बोली आणि बाकीच्यांच्या तोंडी पुस्तकी मराठी, ही वाटणी इतकी सवयीची झाली आहे की लिहिताना लक्षातही येत नाही. माझ्या हेडमास्तरांच्या गोष्टीत वॉचमन वऱ्हाडी बोलतो, आणि सगळ्या इमारतीत पाण्याचं गणित त्यालाच कळतं. ते संवाद मी अकोल्याच्या मैत्रिणीकडून वाचून घेतले. तिने बारा वाक्यांतली सात बदलली.

ड्राफ्ट झाला की वाचन ठेवा. चार-पाच वाचणारे, दोन-तीन ऐकणारे; त्यातला निदान एक तुम्हाला न ओळखणारा. तुम्ही स्वतः वाचू नका, समजावून सांगू नका. हातात संहिता आणि पेन. हशा आला तिथे बरोबरची खूण, कुणी फोनकडे बघितलं तिथे आडवी रेघ. आपल्याला आवडणाऱ्या वाक्यावर दोन वेगवेगळ्या वाचनांत कुणीच हसलं नाही, तर ते जातं. मित्रांच्या हशावर विसंबू नका. ते तुमच्या आवाजावर हसतात. माझ्या दुसऱ्या ड्राफ्टमध्ये पहिल्यातले साधारण एक तृतीयांश संवाद उरत नाहीत, आणि दर वेळी फिल्म त्यामुळेच सुधारली आहे.

६. संहितेची नोंदणी

कुणालाही पाठवण्याआधी हे करा. मुंबईतल्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सदस्यत्व घेतलं की संहितेची ऑनलाइन नोंदणी करता येते. त्या तारखेला ही संहिता तुमच्याकडे होती, याचा तो पुरावा. पुढे वाद झाला तर सदस्यांसाठी संस्थेची तंटा निवारण समितीही आहे.

दुसरी वाट कॉपीराइट कार्यालयाची. साहित्यकृतीच्या अर्जाचं शुल्क ५०० रुपये आहे, अर्ज ऑनलाइन होतो आणि हरकतींसाठी ३० दिवस थांबावं लागतं. तसा कॉपीराइट लिहिल्या क्षणी तुमचाच असतो. नोंदणीमुळे तो सिद्ध करणं सोपं जातं.

पण नुसत्या कल्पनेवर हक्क नसतो, तिच्या मांडणीवर असतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७८च्या आर. जी. आनंद खटल्यात हे स्पष्ट केलं आहे. म्हणून वनलाइन नोंदवून काही मिळत नाही. संवादांसकट पूर्ण पटकथा नोंदवा. आणि चहाच्या टपरीवर अख्खी गोष्ट शेवटासकट सांगू नका. वनलाइन सांगा, संहिता ईमेलने पाठवा.

७. फिल्म करणारी माणसं कुठे भेटतात

एकांकिका स्पर्धांमध्ये. पुण्यात पुरुषोत्तम करंडकाच्या फेऱ्या भरत नाट्य मंदिरात बघायला बसा. तिथला एखादा दिग्दर्शक पुढच्या वर्षी कॅमेरा भाड्याने घेणार असतो आणि त्याला संहिता हवी असते. पुण्यातली एफटीआयआय ही चित्रपटशिक्षण संस्था, गोरेगावच्या चित्रनगरीतली फिल्म शाळा इथल्या विद्यार्थ्यांना अभ्यासक्रमासाठी फिल्म कराव्याच लागतात, आणि त्यांच्यात विनोद लिहिणारे थोडे असतात. तुमच्या शहरात यातलं काही नसेल, तर लग्नाचे व्हिडिओ करणाऱ्या मुलांशी बोला. त्यांच्याकडे कॅमेरा, माइक आणि संकलन तिन्ही असतं, गोष्ट नसते. माझी पहिली फिल्म नाशिकच्या अशाच दोन मुलांनी केली.

पहिली एक फिल्म बिनपैशांची करायला हरकत नाही. अट एकच: पडद्यावर नाव आणि तयार फिल्मची प्रत. त्यापुढे प्रत्येक वेळी मानधन मागा, थोडं असलं तरी.

८. करार, अगदी मित्राशीसुद्धा

माझ्या तिसऱ्या फिल्मच्या वेळी सगळं फोनवर ठरलं. सहा ड्राफ्ट लिहिले. फिल्म झाली, एका स्क्रीनिंगला बोलावणं आलं, आणि पडद्यावर 'कथा-पटकथा' समोर दुसऱ्याचं नाव. माझं नाव शेवटी आभारांत होतं. पैसेही मिळाले नाहीत. दाखवायला माझ्याकडे कागद नव्हता. त्या रात्री मी बसून कॉपीराइट कायदा वाचायला घेतला, आणि तो लेखकाच्या किती बाजूचा आहे हे तेव्हा कळलं.

१९५७च्या कायद्यातलं कलम १९ प्रत्येक लेखकाने वाचावं. हक्क दुसऱ्याला द्यायचे तर ते लेखी आणि सहीनिशीच देता येतात. करारात मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते. प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. घेणाऱ्याने एका वर्षात ते हक्क वापरले नाहीत, तर करारात वेगळं काही नसल्यास हक्क तुमच्याकडे परत येतात. कलम ५७ प्रमाणे लेखक म्हणून ओळखलं जाण्याचा हक्क, बाकी हक्क विकल्यानंतरही, तुमच्याकडेच राहतो.

म्हणूनच छापील करारात 'कायमस्वरूपी', 'संपूर्ण जगासाठी', 'सर्व माध्यमांत' आणि 'कलम १९(४) लागू नाही' (म्हणजे वर्षभरात न वापरलेले हक्क परत येणार नाहीत) हे शब्द शोधा. शॉर्ट फिल्मच्या मानधनात वेब सिरीज, चित्रपट आणि दुसऱ्या भाषांचे हक्क द्यायची गरज नाही. ते आपल्याकडे ठेवा, नाहीतर वेगळे पैसे मागा.

दोन पानांच्या साध्या मराठी करारातही एवढं असावं:

- फिल्मचं नाव, अंदाजे लांबी, मराठी भाषा.
- किती ड्राफ्ट देणार. मी दोन दुरुस्त्या धरते; तिसरीपासून वेगळे पैसे.
- मानधनाचे टप्पे: सहीच्या वेळी, पहिल्या ड्राफ्टला, शूटिंगच्या आधी. 'रिलीजनंतर' असा टप्पा मान्य करू नका. रिलीज तुमच्या हातात नसतं.
- श्रेयाचे नेमके शब्द: 'कथा, पटकथा, संवाद'. पडद्यावर, पोस्टरवर आणि यूट्यूबच्या वर्णनातही.
- लेखनाला बक्षीस मिळालं तर रक्कम कुणाची.
- ठरलेल्या मुदतीत शूटिंग झालं नाही तर हक्क परत.

समोरच्याला कागदाचा संकोच वाटला, तर ठरलेलं सगळं ईमेलवर लिहून पाठवा आणि "मान्य आहे" असं उत्तर मागवा. तो पूर्ण करार नव्हे, पण तेवढंही माझ्याकडे त्या रात्री नव्हतं.

९. पैशांचा हिशेब

नुसत्या शॉर्ट फिल्मवर घर चालत नाही, हे आधीच धरून चला. माझ्या ओळखीचे बहुतेक जण सोबत टीव्हीची स्किट, यूट्यूब वाहिन्यांचे भाग, जाहिराती किंवा कंपन्यांचे प्रशिक्षणाचे व्हिडिओ लिहितात. शॉर्ट फिल्म हा त्या कामांसाठीचा नमुना ठरतो: दहा मिनिटांत तुमचं काम दाखवता येतं.

प्रत्येक कामाचं बिल द्या, त्यावर पॅन लिहा. वर्षभरात एकाच देणाऱ्याकडून ५०,००० रुपयांपेक्षा जास्त मानधन झालं, तर सहसा १० टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच घेतला जाणारा कर, कापला जातो. तो तुमच्या पॅनवर जमा झालाय का, हे आयकराच्या पोर्टलवर बघा आणि विवरणपत्र भरा. कर कमी बसत असेल तर परतावा मिळतो. पहिली दोन वर्षं मी विवरणपत्र भरलंच नाही, आणि कापलेले पैसे तसेच सोडून दिले.

१०. महोत्सवाला पाठवताना

लघुपट, माहितीपट आणि ॲनिमेशनसाठीचा मुंबई आंतरराष्ट्रीय महोत्सव १९९० पासून भरतो आहे. गोव्यात इफ्फी या भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासोबत तरुणांसाठीचा उपक्रम २०२१ पासून सुरू झाला; त्यात ठरावीक तासांत फिल्म करण्याची स्पर्धाही असते, आणि पटकथालेखकही घेतले जातात. प्रत्येकाचे नियम दर वर्षी वाचा.

दोन गोष्टी जपा. काही महोत्सव आधी यूट्यूबवर टाकलेली फिल्म घेत नाहीत, त्यामुळे फिल्म कधी खुली करायची हे दिग्दर्शकाशी आधीच ठरवा. आणि दर महिन्याला शुल्क घेऊन ढिगाने पुरस्कार वाटणारे, प्रत्यक्ष स्क्रीनिंग न करणारे 'आंतरराष्ट्रीय महोत्सव' टाळा. फिल्म कुठल्या सभागृहात, कोणत्या तारखेला दाखवणार, हे विचारा. उत्तर आलं नाही तर पैसे भरू नका. इंग्रजी सबटायटल स्वतः लिहा किंवा निदान तपासा; 'पाणी' आणि 'पाणि' यातला फरक इंग्रजीत कसा पोचवायचा, यावर मी चार दिवस घालवले.

११. पहिल्या स्क्रीनिंगला

मागच्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर बसा. हातात पटकथेची प्रत आणि पेन. वाचनाच्या वेळी केल्या होत्या त्याच खुणा पुन्हा करा, या वेळी वेगळ्या शाईने. हशा कुठे आला, कुठे उशिरा आला, कुठे आपण न योजलेल्या जागी आला, सगळं टिपा. हेडमास्तर नळाकडे रागाने बघतात तिथे मला मोठा हशा अपेक्षित होता. तिथे थोडेच हसले. ते एकेक अक्षर खोडत होते तेव्हा मात्र सभागृह आधी हसलं आणि मग एकदम गप्प झालं. ती जागा मी गोल करून ठेवली आहे. घरी आल्यावर त्याच पानाच्या मागे पुढच्या फिल्मची वनलाइन लिहायला घेतली.